चंगा-अष्ट्याचे दान किती प्रकारे पडते?

वर्धा जिल्ह्यात उन्हाळ्याच्या दुपारी ओसरीवर चंगा-अष्टा रंगतो. चार कवड्या घ्यायच्या, नसतील तर फोडलेले चिंचोके. एक उताणा पडला की एक, दोन पडले की दोन, तीन पडले की तीन. चारही उताणे म्हणजे चंगा, चारही पालथे म्हणजे अष्टा.

गैरसमज : दाने पाच, म्हणून प्रत्येक दानाची शक्यता पाचात एक.

वस्तुस्थिती : दाने पाच, पण निष्पत्ती 16. प्रत्येक चिंचोका दोनपैकी एका बाजूवर पडतो, म्हणजे 2 × 2 × 2 × 2. चिंचोक्यांवर क, ख, ग, घ अशा खुणा करा आणि फक्त उताणे कोणते तेवढे लिहा. एकही नाही : 1 प्रकार. एकच : क, ख, ग किंवा घ, असे 4. दोन : कख, कग, कघ, खग, खघ, गघ, असे 6. तीन : कखग, कखघ, कगघ, खगघ, असे 4. चारही : 1. दहावीच्या बीजगणितात या यादीला नमुना अवकाश म्हणतात. यादी मनाला येईल तशी केली की हमखास एखादी जोडी गळते, बहुधा खघ. म्हणून क संपल्याशिवाय ख ला हात लावायचा नाही.

यात भल्याभल्यांची गफलत झाली आहे. फ्रेंच गणिती द'अलम्बेर यांनी 1754 मध्ये विश्वकोशातल्या लेखात असे मांडले की, नाणे दोनदा उडवले तर एकदा तरी छापा येण्याची शक्यता 2/3. पहिल्याच खेपेस छापा आला की खेळ संपला, म्हणून त्यांनी तीनच प्रकार मोजले : छापा, काटा-छापा, काटा-काटा. त्यातल्या पहिल्या प्रकारात छापा-छापा आणि छापा-काटा अशा दोन निष्पत्ती दडल्या आहेत. खरे उत्तर 3/4.

गैरसमज : यादी 16 ची झाली, म्हणजे प्रत्येक ओळीची शक्यता 1/16.

वस्तुस्थिती : दोन्ही बाजू पडण्याची शक्यता सारखी असेल तरच. कवडी एका अंगाने फुगीर, दुसऱ्या अंगाने चिरलेली. चिंचोक्याची डाळही एकीकडे सपाट. यादी काय काय घडू शकते ते सांगते, किती वेळा घडेल ते नाही. पाठ्यपुस्तकात 'समसंभाव्य' हा शब्द येतो तो याचसाठी, आणि विद्यार्थी नेमका तोच वगळून वाचतात.

गैरसमज : बऱ्याच डावांत अष्टा पडला नाही, आता पडणारच.

वस्तुस्थिती : पुढच्या फेकीची यादी तीच, 16 ओळींची.

गैरसमज : जिल्ह्यातल्या आठ तालुक्यांच्या चिठ्ठ्यांतून दोन काढल्या तर 8 × 8 = 64 निष्पत्ती.

वस्तुस्थिती : पहिली चिठ्ठी पुन्हा डब्यात टाकली तरच 64. बाहेर ठेवली तर दुसऱ्या वेळी सातच उरतात, म्हणून 56. आणि आर्वी-सेलू व सेलू-आर्वी ही जोडी एकच धरायची असेल तर 28. तेव्हा आकडेमोड सुरू करण्याआधी प्रश्नात दोन गोष्टी शोधा : चिठ्ठी परत टाकली का, आणि क्रम मोजायचा का.