पतेमारी आणि आपले गलाईवाले

माझे मामा मूळचे खानापूर तालुक्यातले. चाळीस वर्षांपूर्वी त्रिशूरला गेले, ते आजही तिथं गलाईचं दुकान चालवतात. जुने दागिने आटवायचे, तेजाबात घालून सोनं शुद्ध करायचं, असा हा व्यवसाय. केरळात लग्नाला सोनं लागतंच! त्यांच्या घरी मुक्कामाला गेलो, की मी मल्याळी सिनेमे पाहतो. मामा शेजारी बसून अर्थ सांगतात.

मल्याळी सिनेमा आपल्या मुलखातल्या माणसांचं पोट कशावर चालतं ते दाखवतो, हे मला फार आवडतं. १९६५च्या 'चेम्मीन'मध्ये किनाऱ्यावरचे कोळी होते, त्यांच्या समजुती होत्या. पुढं माणसं आखातात गेली, तर सिनेमाही त्यांच्यामागं गेला. २०१५चा 'पतेमारी' घ्या. पतेमारी म्हणजे शिडाचं गलबत. शब्द मराठीलाही जुना ओळखीचा. त्यातला मामूटीचा नारायणन आखातातून जन्मभर पैसे धाडतो आणि स्वतःच्या घरी मात्र सुट्टीपुरता पाहुणा असतो.

तो सिनेमा पाहताना मामांनी अर्थ सांगणं मध्येच थांबवलं. विट्याजवळ त्यांचंही माडीचं घर आहे. जत्रेला उघडतं, एरवी कुलूप.

मराठी सिनेमानं आपला भाग पाहिला नाही असं नव्हे. 'सामना'नं साखरेच्या जोरावरची सत्ता दाखवली. माडगूळकरांच्या 'बनगरवाडी'वर अमोल पालेकरांनी १९९५ साली चित्रपट केला. त्यात दुष्काळानं वाडी उठते. पण असं उठून गेलेली माणसं पुढं कुठं गेली? सांगलीतल्या खानापूर-आटपाडीची, साताऱ्यातल्या माण-खटावची कितीतरी घरं या गलाईनं देशभर नेली. गावाकडची देवळं त्यांच्या पैशातून उभी राहिली. त्यांच्यावरचा मराठी चित्रपट मला तरी आठवत नाही. त्रिशूरच्या सोन्याच्या धंद्यावर २०२३ साली 'तंकम' आला, तोही मल्याळीतच. आपले गिरीश कुलकर्णी त्यात आहेत, पण मुंबईचे पोलीस अधिकारी म्हणून!

आता टेंभू योजनेचं पाणी आमच्या भागात आलंय. परवा फोनवर विचारलं, "मामा, गावी कधी येताय कायमचं?"

"येऊ की," मामा म्हणाले. "पण नातवाचं काय करायचं? त्याला मराठी बोलता येतं, वाचता येत नाही."