द ऑलमन ब्रदर्स बँड

द ऑलमन ब्रदर्स बँड हा अमेरिकेतील एक रॉक संगीतवृंद होता. मार्च १९६९ मध्ये फ्लॉरिडा राज्यातील जॅक्सनव्हिल येथे त्याची स्थापना झाली आणि दोन वेळा विघटन होऊनही २०१४ पर्यंत त्याची वाटचाल चालू राहिली. ब्लूज, जॅझ आणि कंट्री या धारा एकत्र आणणाऱ्या 'सदर्न रॉक' या प्रकाराचा, म्हणजे अमेरिकेच्या दक्षिणेकडील राज्यांत रुजलेल्या रॉकचा, हा आद्य वृंद मानला जातो. वृंदाचे गायक ग्रेग ऑलमन यांना मात्र ही संज्ञा रुचत नसे. रॉकचा जन्मच मुळी दक्षिणेत झाला, तेव्हा या नावात द्विरुक्ती आहे, असे त्यांचे म्हणणे होते.

स्थापना व वादनशैली

वृंदाचे संस्थापक ड्वेन ऑलमन हे त्यापूर्वी अलाबामातील मसल शोल्स येथील फेम स्टुडिओत इतर गायकांना गिटारची साथ करीत. त्यांचे धाकटे बंधू ग्रेग (गायन व ऑर्गन), डिकी बेट्स (गिटार), बेरी ओकली (बेस गिटार) आणि बुच ट्रक्स व जेमो (ड्रम) हे मूळ वृंदातील अन्य पाच जण. लवकरच सर्वांनी जॉर्जियातील मेकन या गावी मुक्काम हलविला. फिल वॉल्डन यांची कॅप्रिकॉर्न रेकॉर्ड्स ही कंपनी तेथेच होती. जेमो कृष्णवर्णीय होते. वंशभेदाला बंदी करणारा १९६४ चा कायदा होऊन तेव्हा पाचच वर्षे झाली होती. अशा काळात दक्षिणेतील एका गावात गोऱ्या व काळ्या वादकांनी एकत्र राहावे आणि एकत्र वाजवावे, ही साधी गोष्ट नव्हती.

दोन गिटार आणि दोन ड्रमवादक ही वृंदाची रचना वैशिष्ट्यपूर्ण होती. ड्वेन व बेट्स एकच धून दोन भिन्न स्वरांवरून बरोबरीने वाजवीत. ट्रक्स लय घट्ट धरून ठेवीत, तर जॅझच्या वळणाचे जेमो तिच्याभोवती खेळत. ड्वेन बोटात औषधाची रिकामी काचेची बाटली अडकवून ती तारांवरून सरकवीत. 'स्लाइड' नावाच्या या तंत्रात एका स्वरावरून दुसऱ्या स्वरावर अखंड जाता येते. आपल्याकडील मींड ज्याने ऐकली आहे त्याला हे चटकन उमगेल.

'ॲट फिलमोर ईस्ट'

'द ऑलमन ब्रदर्स बँड' (१९६९) आणि 'आयडलवाइल्ड साउथ' (१९७०) या पहिल्या दोन अल्बमांना बेताचाच प्रतिसाद मिळाला. स्टुडिओत आपले वादन आखडते, हे वृंदाने ओळखले. १२ व १३ मार्च १९७१ रोजी न्यूयॉर्कमधील फिलमोर ईस्ट या सभागृहात झालेल्या मैफली निर्माते टॉम डाउड यांनी मुद्रित केल्या आणि त्यांतून जुलैमध्ये 'ॲट फिलमोर ईस्ट' हा दुहेरी अल्बम निघाला. त्यात केवळ सात रचना आहेत. पहिल्या अल्बमात सुमारे पाच मिनिटांची असलेली 'व्हिपिंग पोस्ट' येथे २३ मिनिटांची होते. ही वाढ पाल्हाळ नव्हे. माइल्स डेव्हिस व जॉन कोल्ट्रेन यांचे जॅझ या वादकांनी मन लावून ऐकले होते, आणि एका स्वरसमूहात राहून विस्तार करण्याची रीत त्यांनी तेथून घेतली. नव्या श्रोत्याने ओळख याच अल्बमापासून करून घ्यावी. २००४ मध्ये त्याचा समावेश अमेरिकेच्या राष्ट्रीय ध्वनिमुद्रण नोंदवहीत झाला. अल्बमच्या मलपृष्ठावरील छायाचित्रात वादक नसून सामानाची ने-आण करणारे त्यांचे मदतनीस आहेत.

दोन मृत्यू

२९ ऑक्टोबर १९७१ रोजी मेकन येथे मोटारसायकलच्या अपघातात ड्वेन यांचा मृत्यू झाला. त्यांचे वय २४ होते. वृंदाने अंत्यविधीच्या वेळी वादन केले आणि पुढेही वाजवीत राहण्याचे ठरविले. 'ईट अ पीच' (१९७२) या अल्बमात त्यांच्या हयातीतील मुद्रणे आणि उरलेल्या पाच जणांचे वादन शेजारीशेजारी ऐकू येते. ११ नोव्हेंबर १९७२ रोजी ओकली यांचाही मोटारसायकल अपघातातच मृत्यू झाला. ते ठिकाण ड्वेन यांच्या अपघातस्थळापासून जवळच होते, आणि त्यांचेही वय २४ होते. दोघेही मेकनच्या रोझ हिल दफनभूमीत विसावले आहेत. बेट्स यांच्या 'इन मेमरी ऑफ एलिझाबेथ रीड' या रचनेचे नाव याच दफनभूमीतील एका शिळेवरून घेतलेले आहे. रचना मात्र या दोन्ही मृत्यूंपूर्वीची.

ड्वेन यांच्या जागी दुसरा गिटारवादक न घेता चक लेव्हेल यांचा पियानो आला. या निर्णयाचे महत्त्व पुरेसे सांगितले जात नाही, असे वाटते. 'ब्रदर्स अँड सिस्टर्स' (१९७३) हा अल्बम अमेरिकेत प्रथम क्रमांकावर पोहोचला आणि त्यातील 'रॅम्ब्लिन मॅन' हे गाणे दुसऱ्या. 'जेसिका' ही शब्दरहित रचना बेट्स यांनी आपल्या कन्येच्या नावाने केली. जँगो राइनहार्ट या वादकाच्या डाव्या हाताची दोनच बोटे नीट चालत. त्याला अभिवादन म्हणून ती दोन बोटांनी वाजविता येईल अशी बांधली आहे.

विघटन व पुनर्मीलन

यश व्यसनांसह आले. अमली पदार्थांच्या एका खटल्यात ग्रेग यांनी वृंदाच्याच एका कर्मचाऱ्याविरुद्ध साक्ष दिली आणि १९७६ मध्ये वृंद फुटला. १९७८ ते १९८२ या काळातील दुसऱ्या पर्वात तीन अल्बम निघाले. त्यांतील शेवटच्या दोहोंत जुना जोम नाही.

१९८९ मध्ये वॉरन हेन्स (गिटार) व ॲलन वुडी (बेस) यांच्यासह वृंद पुन्हा उभा राहिला. न्यूयॉर्कच्या बीकन थिएटरमधील त्याच्या मैफलींची मालिका हा जवळजवळ वार्षिक रिवाज झाला. १९९५ मध्ये रॉक अँड रोल हॉल ऑफ फेममध्ये समावेश झाला. १९९९ मध्ये बुच ट्रक्स यांचे पुतणे डेरेक ट्रक्स दाखल झाले. उस्ताद अली अकबर खाँ यांच्या कॅलिफोर्नियातील संगीत महाविद्यालयात डेरेक यांनी काही काळ शिक्षण घेतले असून त्यांच्या स्लाइडवादनात सरोदाचा प्रभाव जाणवतो. २००० मध्ये बेट्स यांना वृंदाबाहेर पडावे लागले. त्यांच्याविना केलेला 'हिटिन द नोट' (२००३) हा अखेरचा स्टुडिओ अल्बम ठरला.

२८ ऑक्टोबर २०१४ रोजी बीकन थिएटरमध्ये सुरू झालेली शेवटची मैफल मध्यरात्र उलटून ड्वेन यांच्या स्मृतिदिनापर्यंत चालली. २०१७ मध्ये बुच ट्रक्स व ग्रेग ऑलमन यांचे निधन झाले. एप्रिल २०२४ मध्ये बेट्स गेले आणि मूळ सहा जणांपैकी जेमो एकटेच उरले.