चौथा, चौथा, आठवा आणि पहिला

टोकियोच्या राष्ट्रीय क्रीडांगणावर १४ सप्टेंबर २०२५ रोजी जागतिक मैदानी स्पर्धेतील पुरुषांची १०० मीटरची अंतिम शर्यत जमैकाच्या ऑब्लिक सेव्हिल याने ९.७७ सेकंदांत जिंकली. त्याचाच देशबांधव किशेन थॉम्प्सन ९.८२ सेकंदांत दुसरा आला आणि ऑलिम्पिक विजेता, अमेरिकेचा नोआ लाइल्स ९.८९ सेकंदांत तिसरा. प्रेक्षागारात युसेन बोल्ट उपस्थित होता. २०१५ साली बीजिंग येथे बोल्टने हेच विजेतेपद मिळविले, त्यानंतरच्या दहा वर्षांत जमैकाच्या एकाही पुरुषाच्या वाट्याला ते आले नव्हते. सेव्हिलच्या नावामागे ‘बोल्टचा वारस’ हे बिरुद लगोलग चिकटावे, यात नवल नाही.

बिरुद सोयीचे खरे. परंतु त्यामुळे सेव्हिलच्या कारकिर्दीतील जे खरोखर विचार करण्याजोगे आहे तेच झाकले जाते. बोल्टचे यश विजेसारखे डोळ्यांत भरणारे होते. सेव्हिलचे यश चार वर्षांच्या अपयशातून, आणि अपयशही असे की ज्याला अपयश म्हणताना जीभ अडखळावी, त्यातून हळूहळू उभे राहिले. शिवाय सेव्हिल हा वारस असेलच तर एका माणसाचा नव्हे; त्या बेटावर बोल्टच्या जन्मापूर्वी पाऊणशे वर्षांपासून चालत आलेल्या एका शालेय परंपरेचा तो वारस आहे.

सेव्हिलचा जन्म १६ मार्च २००१ चा, सेंट थॉमस परगण्यातला. बेटाच्या आग्नेय टोकाचा हा परगणा १८६५ च्या मोरांट बे येथील उठावामुळे इतिहासात नोंदला गेला. एरवी उपेक्षित मुलूख हीच त्याची ओळख. तेथून हा मुलगा राजधानी किंग्स्टनच्या कॅलबार विद्यालयात आला. त्या काळात कॅलबारचे नाव दुमदुमत होते ते क्रिस्टोफर टेलर या विद्यार्थ्यामुळे. टेलरने २०१५ मध्ये, वयाच्या पंधराव्या वर्षी, ४०० मीटरची जागतिक युवा स्पर्धा ४५.२७ सेकंदांत जिंकली होती. सगळ्यांच्या नजरा अशा मुलावर खिळलेल्या असताना त्याच मैदानावर दुसरा एखादा मुलगा निमूटपणे वाढत असतो, हा अनुभव शिक्षकांना नवा नाही.

विसाव्या वर्षी, २०२१ मध्ये, सेव्हिल राष्ट्रीय निवड-चाचणीत तिसरा आला आणि टोकियोच्या ऑलिम्पिक संघात गेला. पुढे तो जेथे जगज्जेता ठरला त्याच क्रीडांगणावर, पण महासाथीमुळे ओस पडलेल्या प्रेक्षागारांसमोर, उपान्त्य फेरीत त्याची वाटचाल संपली. २०२२ च्या यूजीन येथील जागतिक स्पर्धेत तीन अमेरिकनांच्या मागे तो चौथा आला. २०२३ मध्ये बुडापेस्टला लाइल्स ९.८३ सेकंदांत पहिला आला आणि त्याच्यामागून तिघे जण एकाच वेळेत, म्हणजे ९.८८ सेकंदांत, रेषेपार गेले. मग छायाचित्रावरून सेकंदाचे हजार भाग करून निवाडा झाला: बोट्स्वानाचा लेट्सिले टेबोगो ९.८७३, ब्रिटनचा झार्नेल ह्यूज ९.८७४, सेव्हिल ९.८७७. कांस्यपदक हुकले ते एका सेकंदाच्या तीन सहस्रांशांनी. धावपटूचा त्या क्षणीचा वेग लक्षात घेता हे अंतर तीन-साडेतीन सेंटिमीटरांचे होते; लिहिण्याच्या टेबलावरील रबराइतके. पदकविजेत्यांच्या यादीत चौथ्या नावाला जागा नसते.

पॅरिसचा प्रसंग याहून कठोर. १ जून २०२४ रोजी किंग्स्टनमध्ये सेव्हिलने ९.८२ सेकंदांत लाइल्सला मागे टाकले होते. ऑगस्टमध्ये ऑलिम्पिकच्या उपान्त्य फेरीत त्याने पुन्हा लाइल्सला हरविले, तेही ९.८१ सेकंदांत. त्यानंतर अंतिम शर्यतीत मात्र तो आठवा, म्हणजे शेवटचा आला. वेळ होती ९.९१ सेकंद. १९८८ मध्ये सोल येथे कार्ल लुईसची जी ९.९२ सेकंदांची वेळ विश्वविक्रम ठरली, तिच्यापेक्षा ही शतांशाने सरस. आणि तिने मिळविला तो शेवटचा क्रमांक! आठही धावपटू दहा सेकंदांच्या आत असलेल्या त्या शर्यतीत लाइल्सने थॉम्प्सनला पाच सहस्रांशांनी मागे टाकून सुवर्णपदक नेले. अंतिम शर्यतीचे दडपण सेव्हिलला पेलत नाही, असा निष्कर्ष काढायला त्या रात्रीनंतर कोणालाही हरकत वाटली नसती.

तो निष्कर्ष ज्यांनी काढला नाही त्यांत ग्लेन मिल्स हे प्रमुख. मिल्स यांची कारकीर्दच मुळी शाळेत, किंग्स्टनच्या कँपरडाऊन विद्यालयात प्रशिक्षक म्हणून सुरू झाली, ही गोष्ट सहसा सांगितली जात नाही. बोल्ट त्यांच्याकडे आला तो २००४ च्या अथेन्स ऑलिम्पिकनंतर. दोन वर्षांपूर्वी, अवघ्या पंधराव्या वर्षी, किंग्स्टनमध्ये जागतिक कुमार विजेता ठरलेला हा पोरगा अथेन्सला पहिल्याच फेरीत बाद झाला होता, आणि तो आळशी असल्याचा बोभाटा त्याच्या स्वदेशातच चालू होता. मिल्स यांनी आधी त्याची पाठ आणि मांड्यांचे स्नायू बळकट करण्यात वेळ घालविला. पदके नंतर आली. सेव्हिलच्या बाबतीतही घाई झाली नाही. २०२५ च्या जुलैत लंडनला आणि ऑगस्टमध्ये लोझानला त्याने लाइल्सला स्पष्ट अंतराने हरविले. जूनमधील राष्ट्रीय निवड-चाचणीत मात्र थॉम्प्सन ९.७५ सेकंदांत पहिला आला होता आणि सेव्हिल दुसरा. त्यामुळे टोकियोला जाताना तो स्वतःच्या देशातही पहिला नव्हता. अंतिम शर्यतीत टेबोगो फॉल्स स्टार्टमुळे बाद झाला. एक गडी असा गेल्यावर उरलेल्यांना पुन्हा ब्लॉकवर वाकावे लागते. मनाची परीक्षा धावण्यापेक्षा तेथेच अधिक होते. या वेळी सेव्हिल डगमगला नाही.

सुमारे अठ्ठावीस लाख वस्तीच्या बेटाने असे धावपटू पिढ्यान् पिढ्या पुरवावेत, याचे कारण लोक रक्तात शोधतात. स्नायूंना चपळाई देणाऱ्या एका जनुकाचे नाव त्यासाठी घेतले जाते. तो जनुक जमैकात सर्रास आढळतो हे खरे. पण तो पश्चिम आफ्रिकेतील कोट्यवधी लोकांतही तितकाच आढळतो, आणि त्या देशांच्या नावावर वेगवान शर्यतींची अशी पदके नाहीत. दुसरी उपपत्ती अधिक चविष्ट आहे. बीजिंग ऑलिम्पिकमधील विजयानंतर बोल्टच्या वडिलांनी मुलाच्या वेगाचे श्रेय ट्रेलॉनी परगण्यातल्या कंदाला दिले होते. आपल्याकडील कोनफळाच्या कुळातला हा कंद तेथे घरोघर खातात. बापाचे कौतुक म्हणून ते ऐकावे. शास्त्र म्हणून स्वीकारायचे तर बेटावरील प्रत्येक स्वयंपाकघरातून विश्वविक्रम बाहेर पडायला हवेत.

खरे कारण शाळेच्या मैदानावर आहे. १९१० साली सहा शाळांनी मिळून मुलांची एक वार्षिक मैदानी स्पर्धा सुरू केली. ती झाली किंग्स्टनच्या सबिना पार्कवर. मराठी वाचकाला हे मैदान परके नाही; १९७१ मध्ये दिलीप सरदेसाईंनी तेथेच २१२ धावा काढून वेस्ट इंडीजच्या गर्वाला पहिला धक्का दिला होता. ‘चँप्स’ या लाडक्या नावाने ओळखली जाणारी ही स्पर्धा आजतागायत चालू आहे. मुलींची स्पर्धा पूर्वी वेगळी होत असे. १९९९ मध्ये दोन्ही एकत्र झाल्या. ईस्टरच्या सुमारास पाच दिवस राष्ट्रीय क्रीडांगण शाळकरी पोरांची धाव पाहायला भरून जाते. माजी विद्यार्थी, पालक, शिक्षक, ढोल-ताशे, शाळेच्या रंगांचे झेंडे, सारा देश त्या दिवसांत शाळांच्या नावांनी विभागला जातो. कॅलबार आणि किंग्स्टन कॉलेज यांच्यातील चुरस तर वंशपरंपरेने चालत येते. आंतरशालेय स्पर्धेच्या बातमीला वृत्तपत्राच्या पहिल्या पानावर स्थान देणारे देश जगात किती असतील? ज्या मुलाने सोळाव्या वर्षी तीस हजार लोकांच्या आरोळ्यांत बॅटन हाती घेतली आहे, त्याला पुढे परक्या देशातले प्रेक्षागार अनोळखी वाटत नाही.

या परंपरेला अपमानाचीही एक जुनी किनार आहे. जी. सी. फॉस्टर हा जमैकन धावपटू १९०८ च्या लंडन ऑलिम्पिकसाठी केळी वाहून नेणाऱ्या बोटीतून इंग्लंडला पोहोचला. परंतु जमैका ऑलिम्पिक संघटनेचा सदस्य नसल्यामुळे त्याला धावू दिले नाही. पुढे त्याने आयुष्य मुलांना शिकविण्यात घालविले. १९८० मध्ये क्यूबाच्या साहाय्याने उभ्या राहिलेल्या शारीरिक शिक्षण महाविद्यालयाला त्याचेच नाव देण्यात आले. खेड्यापाड्यांतील शाळांना प्रशिक्षित क्रीडाशिक्षक मिळू लागले ते तेथून. जमैकाच्या वेगाचा हिशेब मांडताना या महाविद्यालयाचा उल्लेख जनुकाच्या आधी यायला हवा.

तरीही दीर्घकाळ एक विपरीत गोष्ट घडत होती. शाळेत घडलेला धावपटू शिष्यवृत्तीवर अमेरिकेला जाई. हर्ब मॅकिन्ली इलिनॉयला गेले, डॉन क्वारी कॅलिफोर्नियाला, मर्लिन ओटी नेब्रास्काला. ही मोठी नावे. परंतु विद्यापीठांसाठी आठवड्यामागून आठवडा धावता धावता झिजून गेलेल्यांची नावे कोणाच्या लक्षात राहिली नाहीत. १९९९ मध्ये स्टीफन फ्रान्सिस यांनी सहकाऱ्यांसह किंग्स्टनमध्येच आपली तालीम उघडली आणि घरी राहूनही जग जिंकता येते असे दाखवून दिले. त्यांचा शिष्य असाफा पॉवेल २००५ मध्ये अथेन्सला ९.७७ सेकंदांत धावला, तेव्हा तो विश्वविक्रम होता. सेव्हिलने टोकियोत नेमकी तीच वेळ नोंदविली. आज थॉम्प्सन फ्रान्सिस यांच्याकडे घडतो, सेव्हिल मिल्स यांच्याकडे. टोकियोतील पहिली दोन पदके म्हणजे एकाच गावातील दोन तालमींची झुंज होती.

बोल्ट निवृत्त झाल्यावर जमैका संपला असे जे म्हटले गेले, त्यात अन्यायही होता. २०२१ च्या टोकियो ऑलिम्पिकमध्ये आणि २०२२ च्या यूजीनमध्ये महिलांच्या १०० मीटरची तिन्ही पदके जमैकाच्याच एलेन थॉम्प्सन-हेरा, शेली-अ‍ॅन फ्रेझर-प्राइस आणि शेरिका जॅक्सन यांनी वाटून घेतली. पुरुषांचे पदक गेले म्हणून सुतक पाळणाऱ्यांना घरातील हे वैभव दिसले नाही.

मात्र या साऱ्या चित्रावर सावल्या आहेत आणि त्या लपविण्याचे कारण नाही. २०१३ मध्ये पॉवेलसह अनेक जमैकन खेळाडू उत्तेजक-चाचणीत अडकले. लंडन ऑलिम्पिकपूर्वीच्या काही महिन्यांत स्पर्धेबाहेरची केवळ एकच चाचणी झाली होती, हे त्याच वर्षी उत्तेजकविरोधी संस्थेच्या माजी संचालिकेने उघड केले. नेस्टा कार्टरचा नमुना सदोष ठरल्याने बोल्टला २००८ चे रिले शर्यतीतील सुवर्णपदक २०१७ मध्ये परत करावे लागले. ही सेव्हिलच्या आधीच्या पिढीची गोष्ट असली तरी तिचे ओझे त्याच्या पिढीला वाहावे लागते. चँप्सवरील आक्षेप त्याहून मूलगामी आहे. शाळेच्या गुणसंख्येत भर पडावी म्हणून वाढत्या वयाच्या मुलाला पाच दिवसांत फेरीमागून फेरी धावायला लावायचे, दूरच्या शाळेतील चपळ मुलगा हेरून आपल्या शाळेत आणायचा, आणि एकोणिसाव्या वर्षी त्याचे गुडघे व मांड्या थकल्या की पुढच्याकडे वळायचे, हा व्यवहार शिक्षणाच्या नावाखाली चालतो. ज्या स्पर्धेने धावपटू घडविले तिनेच कित्येकांना वेळेआधी संपविलेही. शाळेत ज्याच्याकडून सर्वस्व वसूल झाले नाही तो मुलगा चोविसाव्या वर्षी जगज्जेता होतो, हा केवळ योगायोग मानणे कठीण आहे.

बोल्टचा ९.५८ सेकंदांचा, २००९ चा बर्लिनमधील विक्रम सेव्हिलच्या वेळेहून जवळजवळ दोन मीटर पुढे आहे. २०२८ च्या लॉस एंजेलिस ऑलिम्पिकच्या वेळी सेव्हिल सत्तावीस वर्षांचा असेल; थॉम्प्सन त्याच्यापेक्षा चारच महिन्यांनी लहान. त्यापूर्वी दोघांनाही किंग्स्टनच्या निवड-चाचणीत पहिल्या तिघांत यावे लागेल, आणि तेथे चँप्समधून नुकताच बाहेर पडलेला, अद्याप कोणाला नावही ठाऊक नसलेला एखादा मुलगा शेजारच्या ब्लॉकवर वाकलेला असेल.