चेहरा ल्यूकचा, गळा जोकरचा

मार्क हॅमिलला ‘अमेडियस’ चित्रपटात मोत्सार्ट व्हायचं होतं. रंगमंचावर, थेट ब्रॉडवेपर्यंत, त्याने ती भूमिका केली होती. पण दिग्दर्शक मिलोश फोरमनला मोत्सार्टच्या जागी ल्यूक स्कायवॉकर नको होता. भूमिका टॉम हल्सकडे गेली आणि १९८४चा तो चित्रपट आठ ऑस्कर घेऊन गेला. १९७७च्या ‘स्टार वॉर्स’मधल्या ल्यूकनेच पंचविशीतल्या या पोराला जगभर ओळख दिली होती, आता तीच ओळख त्याच्या आड येत होती.

आवाजाचं काम त्याला नवं नव्हतं. ‘स्टार वॉर्स’च्या चार वर्षं आधीच ‘जीनी’ या कार्टून मालिकेत त्याने आवाज दिला होता. पण पडद्यावरच्या नायकाने कार्टूनकडे वळणं म्हणजे उतरती कळा, असा तेव्हाचा समज. आपल्याकडेही डबिंग कलाकारांना मिळणारी वागणूक फार वेगळी नाही.

१९९२मध्ये ‘बॅटमॅन: द अ‍ॅनिमेटेड सीरिज’ने हे गणित बदललं. त्यातल्या खलनायक जोकरसाठी आधी टिम करी ठरला होता; ते जमलं नाही. त्याच मालिकेत एका कंपनीच्या कपटी मालकाला आवाज दिलेल्या हॅमिलला चाचणीसाठी बोलावलं गेलं. त्याआधी चित्रपटातला बॅटमॅन म्हणून मायकेल कीटनची निवड झाली, तेव्हा चाहत्यांनी केवढा गदारोळ केला होता! मग सज्जन ल्यूकला जोकर कोण देणार? भूमिका मिळणारच नाही या खात्रीने गेलेला हॅमिल अगदी मोकळा सुटला, आणि भूमिका त्यालाच मिळाली.

अशा मालिकांत आवाज आधी ध्वनिमुद्रित होतो आणि त्यावरून चित्रं काढली जातात. म्हणजे नट कुठे थांबला, कुठे श्वास घेतला, हे चित्रकार ऐकतो आणि मग पात्राचे ओठ, भुवया हलवतो. डबिंगमध्ये उलटं: चित्र तयार असतं, नटाने त्यात बसायचं. हॅमिलने तेही केलं. दिग्दर्शक मियाझाकीच्या ‘कॅसल इन द स्काय’ या जपानी अ‍ॅनिमेशनपटाच्या इंग्रजी आवृत्तीत खलनायक मुस्का त्याच्याच आवाजात बोलतो. ‘बॅटमॅन’च्या आवाज-दिग्दर्शक आंद्रिया रोमानो मात्र शक्यतो सगळ्या नटांना एकत्र बसवून मुद्रण करत, त्यामुळे संवादाला नाटकाच्या तालमीची धग येई. जोकरचं हसू हॅमिलने एकच ठेवलं नाही. कधी खिदळणं, कधी घशातली गुरगुर, कधी मध्येच तुटणारं. मनःस्थितीप्रमाणे हसू बदलायचं. माझ्या मते त्याचं सर्वांत मोठं काम हेच, ल्यूकपेक्षाही. देखणा चेहरा दिसेनासा झाला तेव्हा कुठे आतला नट ऐकू आला.

पुढे ‘अवतार’ या कार्टून मालिकेतला अग्निसम्राट ओझाई आला, ‘रेग्युलर शो’मधला स्किप्स आला. ‘आर्खम सिटी’ या व्हिडिओ गेममधल्या जोकरने त्याला बाफ्टा मिळवून दिला. आणि गंमत पाहा: २०१५च्या ‘द फोर्स अवेकन्स’ या ‘स्टार वॉर्स’पटात ल्यूक परतला, तो अगदी शेवटच्या प्रसंगात, एकही शब्द न बोलता!

युद्धग्रस्त युक्रेनमध्ये हवाई हल्ल्याची सूचना देणाऱ्या मोबाइल अ‍ॅपच्या इंग्रजी आवृत्तीलाही त्याचा आवाज आहे. तिथे अभिनयाला वाव नाही. माणसं वेळेत आसऱ्याला पोहोचली, की काम झालं.

बॅटमॅनचा आवाज असलेला केव्हिन कॉनरॉय नोव्हेंबर २०२२मध्ये गेला. जोकरसाठी विचारणा आली की हॅमिलचा एकच प्रश्न असे, केव्हिन आहे ना? तो नाही म्हटल्यावर हॅमिलने जोकरही थांबवला. पडद्यावरचं काम मात्र चालूच आहे. २०२५च्या ‘द लाँग वॉक’मध्ये त्याने निर्दय मेजर रंगवला.

त्याला फक्त ल्यूक म्हणून ओळखत असाल, तर ‘जोकर्स फेवर’ हा बॅटमॅन मालिकेतला भाग मिळवून पाहा. अर्ध्या तासाचंही काम नाही.