धुऱ्यावरच्या बाभळीचं शिंगाडं बिऱ्हाड

शिंगवाल्या तुडतुड्यांना वीज कळते, ही बातमी जुलै २०२५मध्ये बरीच फिरली. ब्रिस्टल विद्यापीठाच्या सॅम इंग्लंड आणि डॅनियल रॉबर्ट यांचं ते संशोधन. उडणाऱ्या कीटकाच्या अंगावर स्थिर विद्युतभार साठतो. गांधीलमाशीसारख्या शत्रूचा भार वेगळा, गोड रसासाठी येणाऱ्या मित्राचा वेगळा. तो हेरायला पाठीवरची शिंगं कामी येत असावीत, असं त्यांचं म्हणणं. शिंगं कशाला, या जुन्या कोड्याचं इतकं धीट उत्तर मी आजवर वाचलं नव्हतं.

पण हे काम आपल्या वऱ्हाडातल्या किड्यांवर झालेलं नाही. ते तर अकोला-अमरावतीच्या धुऱ्याधुऱ्यावर बसलेत. बाभळीवरचा ऑक्सिऱ्हाकिस टॅरँडस घ्या. फॅब्रिशियसनं १७९८मध्ये त्याचं नाव ठेवलं. टॅरँडस म्हणजे रेनडिअर. जेमतेम अर्धा-पाऊण सेंटिमीटरचा जीव, हुबेहूब काट्यासारखा. बोट जवळ नेलं की सरकून फांदीच्या पलीकडे जातो.

त्याला शोधायचं तर मुंगळ्यांची रांग धरा. काळे मुंगळे कोवळ्या फांदीवर चढ-उतार करत असले, की तिथं पिल्लं असणारच. मुंगळा मिशांनी पिल्लाला थोपटतो. पिल्लू शेपटीचं टोक उचलतं, टोकावर चकाकता थेंब येतो आणि मुंगळा तो पिऊन टाकतो. पिल्लू झाडाचा रस ओढतं, त्यातली जास्तीची साखर अशी बाहेर पडते. बदल्यात मुंगळे राखण करतात. मी अर्धा तास उभा राहिलो, तरी पाय निघेना.

तुरीवर याचाच भाऊबंद ओटिनोटस ओनेरॅटस येतो. ओनेरॅटस म्हणजे ओझं लादलेला. मादी कोवळ्या खोडाला चीर पाडून आत अंडी घालते. फारच दाटी झाली तर खोडावर गाठी येतात, झाड सुकतं. पण तुरीचा खरा वैरी शेंगा पोखरणारी अळी. शिंगं दिसली म्हणून पंप पाठीला लावायचं कारण नाही. चार झाडांवर किडे असतील, तर तेवढ्या फांद्या खुडून टाकाव्यात.

अकोल्याच्या पंजाबराव देशमुख कृषी विद्यापीठानं एखाद्या विद्यार्थ्याला वर्षभर बाभळीखाली बसवावं, असं मला मनापासून वाटतं. गांधीलमाशी घिरट्या घालू लागली, की मुंगळ्यांच्या आधी हा किडा हलतो का, एवढंच त्यानं पाहायचं.