हँडल फिरविणारा हात

दिंद्रुडसारख्या गावी चित्रपट पाहून परतणारा प्रेक्षक वाटेने नटाविषयी बोलतो, गाण्यांविषयी बोलतो. फार झाले तर दिग्दर्शकाचे नाव काढतो. ज्याच्या डोळ्याने त्याने ते सारे पाहिले, त्या छायालेखकाची आठवण क्वचितच निघते. हा दोष एकट्या प्रेक्षकाचा नव्हे, चित्रपटांवर लिहिणाऱ्या आम्हा मंडळींचाही आहे.

‘राजा हरिश्चंद्र’ ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन चित्रपटगृहात झळकला, हे शाळकरी मुलासही पाठ असते. त्याचे छायालेखन त्र्यंबक तेलंग यांनी केले, हे मात्र पाठ्यपुस्तकात येत नाही. दादासाहेब फाळके यांनी त्यांस कॅमेरा शिकविला. तो कॅमेरा हाताने चालवावा लागे. हँडलच्या एका फेऱ्यात साधारणतः आठ चित्रे उमटत. सेकंदाला दोन फेरे. एका फूट फिल्मवर सोळा चित्रे आणि चित्रपटाची लांबी सुमारे ३,७०० फूट! म्हणजे पडद्यावर आले तेवढ्यापुरतेच सात हजारांवर फेरे झाले. हात मंदावला की पडद्यावर पात्रे धावू लागत. घाई झाली की रेंगाळत. प्रकाश सूर्याचा, तेव्हा ढग आला की सारेच थांबे. फिल्मला भोके पाडण्याचे काम घरी सरस्वतीबाई फाळके करीत.

फाळके स्वतः आधी छायालेखक, मग दिग्दर्शक. लंडनहून कॅमेरा आणल्यावर १९१२ साली त्यांनी प्रथम टिपली ती देवादिकांची कथा नव्हे, तर वाटाण्याच्या रोपाची वाढ. दिवसांमागून दिवस, एकेक चित्र घेत. हाच कुतूहलाचा धागा त्यांनी पुढे १९१७ मध्ये ‘चित्रपट कसे तयार करतात’ या लघुपटात पकडला. त्यात फाळके पडद्यावर दिसतात. फिल्मची पट्टी डोळ्यांसमोर धरून तपासताना दिसतात. आपल्या धंद्यातील गुपिते अशी चारचौघांत उघडी करणारा कारागीर विरळाच.

पण फाळके कॅमेऱ्यासमोर आले, त्या घटकेला हँडल दुसऱ्या कुणाच्या तरी हाती असणार. पडद्यामागची हकीकत सांगणाऱ्या चित्रपटातही पडद्यामागे एक माणूस उरतोच! २००९ साली परेश मोकाशी यांनी फाळक्यांच्या याच उद्योगावर ‘हरिश्चंद्राची फॅक्टरी’ हा कथापट काढला. तो ऑस्करसाठी भारताकडून गेला, वृत्तपत्रांचे रकाने भरले. त्याचे छायालेखक अमलेंदु चौधरी यांचे नाव त्यांत कितीसे आले?

मूकपटांच्या काळातील बहुतेक फिल्म नष्ट झाली. जी उरली तिचे श्रेय पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयास आणि ती शोधीत हिंडलेल्या पी. के. नायर यांस आहे. तेथेही २००३ च्या आगीत नायट्रेटवरील अनेक जुन्या प्रती भस्मसात झाल्या. फाळक्यांच्या १९१७ च्या लघुपटाचा काही भाग मात्र आजही पाहावयास मिळतो. तो पाहताना विद्यार्थ्यांनी फाळक्यांकडे पाहावेच. पण चित्र किती स्थिर आहे, गती कोठे चुकते आहे, हेही न्याहाळावे. त्या हाताची खूण तेवढीच उरली आहे.