शब्द बदलले की मजकूर आपला होतो का?

ब्रिटनमधल्या मिडलसेक्स विद्यापीठातले अध्यापक ख्रिस सॅडलर विद्यार्थ्यांचं लिखाण तपासत होते. एका ठिकाणी ते थबकले. तिथे लिहिलं होतं, ‘सिनिस्टर बटक्स’. मराठीत सांगायचं तर ‘अशुभ नितंब’!

मूळ शब्द होते ‘लेफ्ट बिहाइंड’, म्हणजे मागे पडलेले. ‘लेफ्ट’ म्हणजे डावा आणि लॅटिनमध्ये डाव्याला ‘सिनिस्टर’ म्हणतात. ‘बिहाइंड’चा बोलीतला एक अर्थ पार्श्वभाग. दोन्ही शब्दांना ‘पर्याय’ मिळाले आणि वाक्याचा बोजवारा उडाला. सॅडलर यांनी या प्रकाराला ‘रोजेटिंग’ असं नाव दिलं. १८५२ साली प्रसिद्ध झालेल्या रोजे यांच्या समानार्थी शब्दकोशावरून हे नाव आलं. २०१४ मध्ये त्याची बरीच चर्चा झाली.

हे केलं का जातं?

कारण साधं आहे. साहित्यचोरी शोधणारं सॉफ्टवेअर मुख्यतः शब्दांची जुळणी बघतं. सलग शब्द दुसरीकडे सापडले की साधर्म्याची टक्केवारी वाढते. शब्द बदलले की ती उतरते. हे काम करून देणारी टूल्स इंटरनेटवर आहेत. मजकूर टाका, बटण दाबा, ‘नवा’ लेख तयार.

भारतात या टक्केवारीचा धाक मोठा आहे. विद्यापीठ अनुदान आयोगाच्या २०१८ च्या नियमांनुसार प्रबंधात १० टक्क्यांपर्यंत साधर्म्य असेल तर शिक्षा नाही. १० ते ४० टक्के असेल तर सहा महिन्यांच्या आत सुधारून द्यावा लागतो, ४० ते ६० टक्क्यांना वर्षभर प्रबंध सादर करता येत नाही आणि ६० च्या वर नोंदणीच रद्द होते. त्यामुळे ‘टक्के कमी कसे करायचे?’ हाच प्रश्न पुढे येतो. पण याच नियमांतली साहित्यचोरीची व्याख्या बघा. दुसऱ्याचं काम किंवा कल्पना आपली म्हणून खपवणं म्हणजे चोरी. शब्द बदलले तरी कल्पना त्याचीच राहते.

संशोधनातही हाच खेळ

२०२१ मध्ये गियोम काबानाक, सिरिल लाबे आणि अलेक्झांडर मागाझिनोव्ह या संशोधकांनी अनेक शोधनिबंधांमधले असे विचित्र शब्दप्रयोग उघड केले. ‘आर्टिफिशियल इंटेलिजन्स’ऐवजी ‘काउंटरफिट कॉन्शसनेस’, म्हणजे बनावट जाणीव. ‘बिग डेटा’ऐवजी ‘कोलॉसल इन्फर्मेशन’. ‘ब्रेस्ट कॅन्सर’ऐवजी तर ‘बूझम पेरिल’, म्हणजे छातीवरचं संकट! त्यांनी यांना ‘टॉर्चर्ड फ्रेजेस’ म्हटलं, म्हणजे छळ झालेले शब्दप्रयोग. असा निबंध कोणी नीट वाचला असता तर तो छापला गेला असता का, हा त्यातला खरा प्रश्न होता.

मराठीत करून बघा

‘पोलिसांनी केस बंद केली.’ कोशात ‘केस’ला पर्याय मिळेल ‘कुंतल’. ‘उत्तर महाराष्ट्रा’चा होईल ‘जबाब महाराष्ट्र’. ‘तोंडाला पानं पुसली’चं ‘मुखाला पर्णे पुसली’ केलं तर वाक्प्रचारच मरतो. पाणी, जल, उदक हे एकाच गोष्टीचे शब्द, पण टँकरने गावात पाणीच येतं, उदक येत नाही. शब्दाला अर्थासोबत जागाही असते.

खरा धोका कुठे?

‘कुंतल’ निदान हसू आणतो आणि पकडला जातो. बरोबर वाटणारा चुकीचा शब्द मात्र सुटतो. आम्हा डिजिटल पत्रकारांना याची भीती जास्त, कारण एजन्सीची बातमी घाईत ‘आपल्या शब्दांत’ करणं रोजचंच.

‘चौकशीसाठी ताब्यात घेतलं’चं ‘अटक केली’ झालं की कायद्याच्या दृष्टीने बातमीच बदलते. ‘आरोपी’चा ‘गुन्हेगार’ केला की न्यायालयाआधीच आपण निकाल दिलेला असतो. ‘जामीन मिळाला’ आणि ‘निर्दोष सुटला’ यांत तर जमीन-अस्मानाचा फरक आहे. इथे एका शब्दाने कुणाचं तरी नाव कायमचं खराब होऊ शकतं.

मग करायचं काय?

– मूळ मजकूर नीट वाचा, मग तो बंद करा आणि समजलेलं स्वतःच्या वाक्यांत लिहा. लिहिता येत नसेल तर अजून समजलेलं नाही.
– लिहून झाल्यावर मूळ मजकुराशी पडताळा. नावं, आकडे, तारखा पुन्हा तपासा.
– पारिभाषिक आणि कायदेशीर शब्द बदलू नका. स्तनाचा कर्करोग हा स्तनाचा कर्करोगच.
– एखादं वाक्य जसंच्या तसं हवं असेल तर अवतरणचिन्हांत द्या.
– कल्पना कोणाची, माहिती कुठली, ते सांगा. शब्द तुमचे असले तरीही.

शेवटचा मुद्दा सगळ्यात सोपा आहे आणि तोच सगळ्यात जास्त टाळला जातो. ‘हे अमुक यांनी म्हटलंय’ एवढं लिहिलं, तर शब्दांची अदलाबदल करण्याची वेळच येत नाही.